घर गावात कुठं होतं

आमचं मलकापूर पुणे-बंगळूर हायवेवर आहे, कराडला खेटून. इथून हायवेनं दक्षिणेला निघालं आणि कासेगावच्या आसपास आत वळलं की वाटेगाव येतं, अण्णा भाऊ साठे यांचं गाव. उलट दिशेला कराडात शिरलं की यशवंतराव चव्हाणांचं ‘विरंगुळा’ हे घर. कराडजवळच कृष्णाकाठी टेंभू आहे. 1856 साली गोपाळ गणेश आगरकर तिथं जन्मले. आणि कराडहून कडेगाव, विटा करत पूर्वेला गेलं, उसाचे पट्टे मागं पडून माळरान सुरू झालं, की माणदेश लागतो. माडगूळकर बंधूंचं माडगूळ आणि शंकरराव खरातांचं आटपाडी त्याच मुलखात.

या भागात मी वर्षानुवर्षं मराठी शिकवलं. धडा संपला की वर्गातून एक प्रश्न हमखास यायचा, ‘सर, हे खरं घडलंय का?’ आणि वर्गाबाहेर, व्हरांड्यात किंवा चहाच्या टपरीवर, दुसरा प्रश्न यायचा तो लेखकाबद्दल. तो प्यायचा का, त्याचं बायकोशी पटत नव्हतं का, त्याची दुसरी बायको कोण. पहिल्या प्रश्नात पुस्तकाला साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभं केलं जातं, दुसऱ्यात लेखकाला. दोन्ही प्रश्नांमागची ओढ मला समजते, पण लेखकाचं आयुष्य पुस्तकात कसं उतरतं याचं उत्तर दोन्हींतून मिळत नाही. मला स्वतःला वेगळं विचारावंसं वाटतं. या माणसाचं घर गावात कुठं होतं? दारात कोण येऊन उभं राहायचं, आणि या घरातल्या माणसाला कुणाच्या दारात जाऊन उभं राहावं लागायचं? लेखकाच्या खासगी आयुष्याचा लिखाणावर जो खोल ठसा उमटतो, तो बहुतेक वेळा इथून येतो.

आटपाडी तालुक्याइतकं याचं स्पष्ट उदाहरण मराठीत दुसरं नसेल. शंकरराव खरात 1921 साली आटपाडीत जन्मले, व्यंकटेश माडगूळकर 1927 साली जवळच्याच माडगुळात. दोघांचाही मुलूख त्या वेळी औंध संस्थानात होता. दुष्काळ तोच होता, तेच माळ होते आणि तेच बलुतेदार. माडगूळकर 1983 साली अंबाजोगाईच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले आणि पुढच्याच वर्षी, 1984 साली, जळगावच्या संमेलनाचे अध्यक्ष खरात झाले. एका कोरड्या तालुक्यानं लागोपाठ दोन संमेलनाध्यक्ष दिले याचं आमच्याकडं व्हावं तितकं कौतुक झालेलं नाही. दोघं गेलेही एकाच वर्षी, 2001 साली. पण एकाचं घर कुलकर्ण्यांचं होतं आणि दुसऱ्याचं महारवाड्यात.

माडगूळकरांचं घर श्रीमंत नव्हतं हे आधी सांगायला हवं. वडील औंध संस्थानात साधे कारकून होते. घरात खाणारी तोंडं पुष्कळ आणि मिळकत बेताची. थोरले भाऊ गजानन मॅट्रिकची परीक्षा पास होऊ शकले नाहीत आणि पोटासाठी सिनेमाच्या धंद्यात कोल्हापूरला गेले. पुढं ‘गीतरामायण’ लिहिणारे गदिमा ते हेच. व्यंकटेशरावांचंही शिक्षण अर्धवट राहिलं. कोवळ्या वयात त्यांनी शाळामास्तरकी केली आणि बेचाळीसच्या चळवळीत घर सोडून ते भूमिगत झाले. म्हणजे गरिबी त्यांनी लांबून पाहिली नव्हती. तरीही गरिबाच्या घराला गावात एक पायरी असते. ती पायरी पैशावर ठरत नाही, जातीवर ठरते. कुलकर्ण्यांच्या घरात दाणे नसले तरी त्या घरापुढं हात जोडून उभं राहणारी माणसं असायचीच.

‘माणदेशी माणसं’ हे पुस्तक 1949 सालचं. त्यातला धर्मा रामोशी आठवून पाहा. म्हातारा, कंगाल, अंगावर धड चिंधी नाही. निवेदकाच्या घरून त्याला धोतर दिलं जातं. पुढं भेटतो तेव्हाही तो उघडाच. निवेदकाला आधी राग येतो, दिलेल्या धोतराचं यानं केलं काय? मग कळतं की ते धोतर त्याच्या पोरीनं अंगाला गुंडाळलंय, कारण तिच्याकडं नेसायला काहीच नव्हतं. मराठी कथेत इतक्या थोड्या शब्दांत दारिद्र्य असं अंगावर आणणारी जागा क्वचितच सापडेल. ही कथा वर्गात वाचून दाखवली की मागच्या बाकावरची मुलंही गप्प व्हायची.

आता ही कथा कुठून पाहिलेली आहे तेवढंच बघू. ती धोतर देणाऱ्या घरातून पाहिलेली आहे. निवेदकाचा तो राग अगदी खरा आहे, तो फक्त देणाऱ्यालाच येऊ शकतो. नंतरची शरमही देणाऱ्याचीच. माडगूळकरांनी हा राग लपवला नाही यात त्यांचा मोठेपणा आहे. देणाऱ्या घरात वाढलेल्या मुलानं आपल्याच नजरेला पकडलं आणि तसंच कागदावर ठेवलं. पण ते धोतर घेऊन धर्मा घरी गेला, पोरीच्या हातात दिलं, तेव्हा त्या झोपडीत काय बोलणं झालं ते कथेत नाही. ते येणार नव्हतंच, कारण लेखक तिथं कधी बसला नव्हता. त्यानं कल्पनेनं तो संवाद रचला असता तर कथा खोटी पडली असती. आपल्या घराची चौकट कुठं संपते हे व्यंकटेशरावांना नेमकं माहीत होतं. त्यांचं सगळं संयत लिखाण मला त्या जाणिवेतून आलेलं दिसतं.

त्यांच्या ‘बनगरवाडी’ कादंबरीचंही तेच. मेंढपाळांच्या वस्तीवर आलेला कोवळा मास्तर तिथल्या माणसांत मिसळतो, त्यांच्यासाठी तालीम बांधण्यात पुढाकार घेतो, पण अखेरपर्यंत मास्तरच राहतो. दुष्काळात वाडी ओस पडते आणि तो निघतो. तालमीच्या निमित्तानं येणारा राजा वाचताना व्यायामाचं वेड असलेले औंधचे बाळासाहेब पंतप्रतिनिधी आठवल्याशिवाय राहत नाहीत. मास्तरकीचा काळ आयुष्यात थोडा होता, पण त्यानं लेखकाला उभं राहायची जागा दिली. वस्तीच्या आत, पण वस्तीतला नव्हे.

आता त्याच मुलखात दुसऱ्या बाजूनं जाऊ. शंकरराव खरातांचे वडील तराळ होते. गावकीची कामं करायची, सांगावे पोचवायचे, हाक आली की रात्री-अपरात्री उठून जायचं. ‘तराळ-अंतराळ’ हे खरातांचं आत्मचरित्र 1981 साली आलं. त्यात विहिरीचा प्रसंग आहे. विहिरीत प्रेत सापडलंय. राखणीला खरातांचे वडील बसलेत, उपाशी. मुलगा त्यांच्यासाठी भाकरी घेऊन जातो. मग पोलीस येतात आणि प्रेत वर काढायला त्यांनाच विहिरीत उतरायला लावतात. खाली साप आहे. काठावर मुलगा उभा आहे आणि त्याच्या डोळ्यांदेखत बाप दोराला धरून खाली चाललाय.

हा प्रसंग माडगूळकरांना लिहिता आला नसता. त्यांचं कसब कमी पडलं असतं म्हणून नव्हे. विहिरीच्या काठावर भाकरी घेऊन उभं राहायची वेळ त्यांच्यावर येणारच नव्हती. त्या घरातून कुणाला तरी बोलावणं पाठवलं जायचं, ते बोलावणं ज्या घरी पोचायचं ते घर खरातांचं. आणि हेही तितकंच खरं की धोतराची कथा खरातांना तशी लिहिता आली नसती. त्यांच्या घरात ती शरम नसती, दुसरंच काही असतं. दोघांची भाषासुद्धा या घरांनीच घडवली. माडगूळकर थांबतात, मागं सरतात, वाक्य आखडतं घेतात. खरात एकच गोष्ट पुन्हा पुन्हा सांगतात, थांबत नाहीत. काही समीक्षकांना हे पाल्हाळ वाटलं. मला ते तसं वाटत नाही. ज्याच्या बापाची तक्रार कुणी एकदाही नीट ऐकून घेतली नाही, तो लिहायला बसल्यावर एकदाच सांगून कसा थांबेल? पुढं ते वकील झाले, मराठवाडा विद्यापीठाचे कुलगुरू झाले, तरी लिहिताना ते पुन्हा त्या विहिरीच्या काठावर जातात.

इथवर आलं की वाटतं, मग सगळं सोपंच आहे. घर सांगा, पुस्तक सांगतो. पण तसं होत नाही, आणि ते वाटेगावात गेलं की कळतं.

अण्णा भाऊ 1920 साली वाटेगावच्या मांगवाड्यात जन्मले. शाळा जेमतेम दीड दिवसाची. लहानपणीच आईबापांबरोबर पायी मुंबई गाठली, पडेल ती कामं केली, गिरणीत राबले, कम्युनिस्ट पक्षात आले. 1944 साली अमर शेख आणि गवाणकर यांच्याबरोबर लाल बावटा कलापथक उभं केलं. घाटकोपरच्या चिरागनगरच्या झोपडपट्टीत राहून त्यांनी कथा, कादंबऱ्या, वग, पोवाडे असं लिखाण केलं की त्याचा पसारा पाहून आजही थक्क व्हायला होतं. आपण जगतो, पाहतो, अनुभवतो तेच लिहितो, आपल्याला कल्पनेचे पंख लावून उडता येत नाही, अशा अर्थाचं त्यांनी स्वतःच लिहून ठेवलंय. वाचक ते वाक्य शब्दशः घेतात आणि त्यांचं सगळं लिखाण आत्मचरित्रासारखं वाचतात.

‘फकिरा’ हातात घ्या. 1959 साली आलेली ही कादंबरी त्यांनी बाबासाहेब आंबेडकरांना अर्पण केली, 1961 साली तिला राज्य शासनाचा पुरस्कार मिळाला. फकिरा हा वाटेगावातला खराच माणूस, अण्णा भाऊंच्या आईकडच्या नात्यातला. अण्णा भाऊंच्या जन्माच्या वेळी त्यानं घरात दोन ओंजळी सुरती रुपये दिल्याची आठवण आजही सांगितली जाते. पण अण्णा भाऊ कळते होईपर्यंत फकिरा नव्हता. म्हणजे कादंबरीतलं बंड त्यांनी पाहिलेलं नाही, ऐकलेलं आहे. रात्री मांगवाड्यात म्हातारी माणसं जे सांगायची, त्यातून तो घोड्यावरचा फकिरा उभा राहिला. गुन्हेगार जमात म्हणून इंग्रज सरकार ज्यांची हजेरी घ्यायचं, त्या माणसांनी आपल्यातल्या एका माणसाला गोष्टीत ताठ उभं केलं. अण्णा भाऊंच्या खासगी आयुष्यातला सर्वांत मोठा ठेवा हाच होता. घरात पैसा नव्हता, पाटी-पुस्तक नव्हतं, पण गोष्ट होती.

आणि ती लिहिली गेली मुंबईत. वाटेगावातच राहिले असते तर गावाची धूळ रोज नाकातोंडात गेली असती, मग असा गाव लिहिता आला असता का, शंका आहे. चिरागनगरच्या खोलीत, चहूबाजूंनी गटारं आणि पत्रे असताना, वारणेच्या खोऱ्यातला तो हिरवा मुलूख त्यांना अधिकच लख्ख दिसला असणार. ‘माझी मैना’ या त्यांच्या गाजलेल्या छक्कडीतली गावाकडं राहिलेल्या बाईची ओढ आणि ‘फकिरा’तली मातीची ओढ एकाच खोलीतून आली आहे. त्या कादंबरीत विष्णुपंत कुलकर्णी आहेत, मांगांच्या पाठीशी उभे राहणारे. माडगूळकरांच्या घरातून रामोशी कसा दिसला ते आपण पाहिलं. इथं मांगवाड्यातून कुलकर्णी दिसतो. चांगला आहे, पण चांगला असणं त्याच्या हाती आहे आणि त्याच्या चांगुलपणावर या माणसांचा जीव अवलंबून आहे. हे अवलंबून असणं अण्णा भाऊंना मुद्दाम सांगावं लागत नाही, ते पानापानांत मुरलेलं आहे.

म्हणून घराची जागा कळल्यानं पुस्तक उलगडत नाही. ते कुठून वाचायला लागायचं एवढंच कळतं. मांगवाड्यात त्या गोष्टी ऐकणारी पोरं कितीतरी होती. लिहिलं एकानं.

टेंभूच्या आगरकरांकडं वळलं की खासगी आयुष्याचा आणखी एक पैलू दिसतो, आणि मला तो फार जवळचा वाटतो. आगरकरांनी घराविषयी जवळजवळ काही लिहिलं नाही. अत्यंत गरिबीत शिकले. एम. ए. झाल्यावर मोठ्या पगाराची नोकरी धरणार नाही असं त्यांनी आईला आधीच पत्रानं कळवलं होतं. 1888 साली ‘सुधारक’ सुरू केलं. स्त्रियांचं शिक्षण, संमतिवय, केशवपन यांवर त्यांनी जे लिहिलं त्यानं पुण्यात असा भडका उडाला की जिवंतपणी त्यांची प्रेतयात्रा काढण्यात आली. आणि घरी पत्नी यशोदाबाई आपली व्रतं, देवपूजा करत होत्या. आगरकरांनी त्यांच्यावर आपली मतं लादली नाहीत. कुणी याला विसंगती म्हणेल. मला मात्र त्यांच्या लेखातल्या मतांची खरी कसोटी तिथं लागलेली दिसते. बाईला तिच्या बुद्धीनं वागू द्या असं जो छापतो, त्यानं घरातल्या बाईला तिच्या बुद्धीनं वागू दिलं. दम्यानं पोखरलेला हा माणूस 1895 साली, चाळिशीही न गाठता गेला. त्यानं आपल्या अंत्यविधीपुरते पैसे पुडीत बांधून ठेवले होते असं सांगतात. आगरकरांचं वाक्य वाचताना त्यात एक ताठरपणा जाणवतो. तो या घरातून आलेला आहे.

सगळ्याच लेखकांच्या घरच्या बायकांना यशोदाबाईंइतकी मोकळीक मिळाली नाही. मराठीचं भाग्य असं की त्यातल्या काहींनी स्वतः लिहिलं. लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’ आली आणि रेव्हरंड टिळकांची कविता ज्या घरात लिहिली गेली त्या घरातली चूल आपल्याला दिसली. अण्णा भाऊंचे साथी अमर शेख यांची मुलगी मल्लिका हिनं 1984 साली ‘मला उद्ध्वस्त व्हायचंय’ लिहून नामदेव ढसाळांबरोबरच्या संसाराची होरपळ सांगितली. सुनीताबाई देशपांडे यांचं ‘आहे मनोहर तरी’ 1990 सालचं. यातली शेवटची दोन पुस्तकं आली तेव्हा पुष्कळ वाचकांना राग आला. आमच्या लाडक्या लेखकाला खाली खेचलं, अशी ओरड झाली. मी तेव्हाही या बायकांच्या बाजूनं होतो, आजही आहे. ढसाळांचा ‘गोलपिठा’ मल्लिकाबाईंच्या पुस्तकामुळं एका ओळीनंही लहान झाला नाही. फक्त ते घर आता एकाच माणसाचं राहिलं नाही. लेखकानं घरातलं आयुष्य लिखाणात वापरलं, तर त्या आयुष्यातल्या दुसऱ्या माणसालाही बोलायचा तेवढाच हक्क आहे.

ज्यांनी आपलं घर वाचकापासून पूर्ण लपवलं असेही मोठे लेखक आहेत. धारवाडला इंग्रजी शिकवणारे जी. ए. कुलकर्णी सभा-समारंभांपासून दूर राहिले, माणसं टाळत राहिले. पण पुढं त्यांच्या पत्रांचे खंड निघाले, मावसबहिणीनं आठवणी लिहिल्या. आईबाप, बहिणी असे एकेक जण लवकर हरवलेलं ते घर दिसलं, आणि त्यांच्या कथांत नियती इतकी का घुमते त्याची थोडी ओळख पटली. थोडीच. कथा त्याआधीही तितक्याच जबरदस्त होत्या.

माझ्या एका विद्यार्थिनीनं मध्यंतरी एक लेख लिहून वाचायला दिला. ती आटपाडीकडची. तिच्या लेखात दुष्काळ कमी आणि डाळिंबाची बाग जास्त आहे. बागेवर पडलेला रोग आहे आणि वडिलांच्या डोक्यावरचं कर्ज आहे. छापायला द्यावा का, असं तिनं विचारलं. मी म्हटलं, आधी वडिलांना वाचून दाखव. तिनं दाखवला. वडिलांनी कर्जाची रक्कम तशीच ठेवायला सांगितली आणि एक दुरुस्ती सुचवली. छाटणीला, फवारणीला, रात्री पाण्याच्या पाळीला आई बरोबर असते आणि लेखात ती फक्त चहा देताना आली आहे. लेख बदलला. पहिल्यापेक्षा तो चांगला झाला.

त्या बागेला पाणी कुठून जातं हे मलकापूर-कराडच्या लोकांना सांगायला नको. आमच्या शेजारच्या टेंभूपाशी कृष्णेचं पाणी उचललं जातं आणि टप्प्याटप्प्यानं कडेगाव, खानापूर, आटपाडीपर्यंत नेलं जातं. मलकापुरात तर आम्ही नळाला चोवीस तास पाणी घेणारी माणसं. बनगरवाडी ज्या कोरडेपणानं ओस पडली, तो आता तसाच राहिलेला नाही. त्या तालुक्यातून पुढं लिहिणारी मुलं वेगळ्या घरांतून लिहितील. पाळीच्या पाण्यावरून भांडणाऱ्या घरांतून, कर्जाच्या कागदांवर सह्या करणाऱ्या घरांतून, आणि अजूनही गावकुसाच्या आठवणी अंगावर वागवणाऱ्या घरांतून. ती मुलं लिहू लागली की त्यांनाही वाचक विचारतील, हे खरं घडलंय का.

तोवर मराठीच्या शिक्षकांना आणि वाचकांना माझी एक विनंती आहे. शाळा-कॉलेजांत माणदेश शिकवताना आपण बहुधा एकाच लेखकावर थांबतो. तसं थांबू नका. ‘माणदेशी माणसं’ आणि ‘तराळ-अंतराळ’ ही दोन पुस्तकं शेजारी ठेवून, एकाच महिन्यात वाचा. आधी कुठलंही घ्या. पण दोन्ही वाचून होईपर्यंत आटपाडी तालुका आपल्याला कळला असं म्हणू नका.